पालथ्या कपावरचा हातमोजा

माझ्या शेजारीणबाईंना एकच गोष्ट हवी होती. जे गाणं अख्खं गाव गातं, ते आपल्या वडिलांनी रचलंय हे गावानं एकदा तोंडानं कबूल करावं. बस्स. ऐंशी ओलांडलेली बाई, गुडघे गेलेले, बोटं संधिवातानं वाकडी झालेली, पण हा विषय निघाला की अशी ताठ व्हायची की समोर मीसुद्धा सरळ बसायची.

गाव म्हणजे कॅनडातलं थंडर बे. ह्यांना इथल्या कागदाच्या गिरणीत नोकरी लागली म्हणून आम्ही ब्रॅम्पटन सोडून इतक्या वर उत्तरेला आलो. लेक म्हणाली, "आई, सीरियसली? देअर इज नथिंग देअर!" म्हटलं, बघू तरी. आलो तर निम्मी गल्ली फिनलंडची. यांचे आजे-पणजे लाकूडतोडीला आले ते इथंच रुजले. घरामागे एकेकाची सौना, म्हणजे वाफेनं अंग शेकायची लाकडी खोली, आणि कॉफी तर अशी पितात की आमचं सांगलीचं चहाचं वेड त्यापुढं काहीच नाही.

बाईंची माझी ओळख भांडणातून झाली. पहिल्या हिवाळ्यात त्या एकट्या ड्राइव्ह-वेवरचं बर्फ शोव्हल करत होत्या, म्हणून मी फावडं घेऊन मदतीला गेले. त्या फाडकन म्हणाल्या, "मी म्हातारी दिसते का?" मीही कुठली गप्प बसायला! म्हटलं, "दिसता की. आणि तिरसटही दिसता." त्या जे हसत सुटल्या ते थांबेचनात. त्या दिवशी त्यांच्या स्वयंपाकघरात बसून मी त्यांचा गोड पाव खाल्ला. त्यात वेलदोडा! मला इतका आनंद झाला म्हणून सांगू.

त्यांच्या लोकांचा एक हॉल आहे, लाकडी, जुना. लग्नं, नाच, तेरावं म्हणता येणार नाही पण माणूस गेल्यानंतरची कॉफी, सगळं तिथंच. एकदा त्या मला तिथं घेऊन गेल्या. कोपऱ्यात पडदा टाकलेलं काहीतरी होतं. पडदा उचलला, तर पायपेटी! खाली दोन पायटे, वर स्वरपट्ट्या, तशीच्या तशी. माझे वडील नाटक कंपनीत पायपेटी वाजवायचे. रंगमंचापुढच्या खड्ड्यात बसून त्यांनी जन्म काढला, आणि त्यांच्या मांडीशी बसून मी शिकले. पुढं मीही हौशी संगीत नाटकांना साथ केली, इकडं येईपर्यंत. मी कुणाला न विचारता बसले आणि वाजवायला लागले. डोळ्यांतून पाणी कधी आलं कळलं नाही.

बाई म्हणाल्या, "हे तू कुठं शिकलीस? आमच्याकडे हे प्रार्थनेला वाजवतात."

"आमच्याकडे नाटकात."

"माझ्या वडिलांनी यावर सिनेमाचं संगीत रचलं," त्या म्हणाल्या. आणि मग सगळं बाहेर आलं.

त्यांचे वडील फिनलंडमधल्या एका खेड्यातल्या चर्चच्या वादकाचा मुलगा. तरुणपणी पळून बंदराच्या गावात गेले आणि मुक्या सिनेमांना पियानो वाजवायला लागले. दुपारी रिकाम्या थिएटरात चित्र एकदा बघून घ्यायचं आणि संध्याकाळी गर्दीसमोर वाजवायचं. पाठलाग असेल तर पाठलागाचं, रडं असेल तर रड्याचं. मग बोलपट आले आणि देशभरच्या थिएटरांतले वादक रस्त्यावर आले. हा गृहस्थ मात्र गप्प बसला नाही. तडक स्टुडिओच्या दारात जाऊन उभा राहिला. म्हणाला, तुमची चित्रं बोलायला लागली हे खरं, पण ती गाणार कशी ते मला माहीत आहे. घमेंडखोरच म्हणायचा! पण त्याला ठेवून घेतलं. भाड्याच्या खोलीत एक पायपेटी, तिच्यावर चाली बांधायच्या. ध्वनिमुद्रणाला सगळा वाद्यवृंद एका खोलीत, समोर भिंतीवर चित्र, आणि शेवटच्या ओळीत कुणी खोकला तर पुन्हा पहिल्यापासून. त्या देशात सिनेमाचं संगीत असं काही असतं हे ज्या मूठभर लोकांनी पहिल्यांदा दाखवलं, त्यांच्यातला हा एक.

मग युद्ध. युद्धानंतर लोकांची आवड बदलली, नवी माणसं आली. एका गोदामाला आग लागली, त्यात त्यांच्या बहुतेक चित्रपटांची रिळं गेली. बायको-मुलीला घेऊन ते कॅनडात आले आणि थंडर बेच्या कागद गिरणीत लागले. गिरणीच्या आवाजानं एका कानानं ऐकू येईनासं झालं. शनिवारी हॉलमध्ये पायपेटी वाजवायचे, लोक नाचायचे. आणि लोकांचं सगळ्यांत आवडतं गाणं कुठलं? त्यांच्याच एका चित्रपटातलं! पण ते त्यांच्या आधीच इथं पोचलं होतं. कुणी खलाशानं आणलं असेल, कुणी पाहुण्यानं. सगळे त्याला जुनं लोकगीत म्हणायचे. कुणी रचलं हा प्रश्नच कुणाला पडला नव्हता.

"मग सांगितलं का नाही त्यांनी?" मी जवळजवळ ओरडलेच.

"मी लहानपणी हेच विचारायची. ते म्हणायचे, लोक गातायत ना? मग झालं." बाईंनी कप टेबलावर आपटला. "त्यांचं झालं असेल. माझं नाही झालं."

माझंही झालं नाही. खरं सांगते, माझं डोकंच फिरलं. माझ्या वडिलांचं नाव नाटकाच्या जाहिरातीत कधी छापून आलं नाही, ते दुखणं माझ्याजवळ होतंच.

त्या गाण्यात एक ओळ आहे. बाईंनी मला अर्थ सांगितला: कप पालथा घाल, त्यावर हातमोजा ठेव. बाकी गाणं वितळणाऱ्या नदीचं, वाट बघण्याचं, आणि मध्येच हा कप आणि हातमोजा. कशाचा कशाला मेळ नाही. गावात यावर दोन पक्ष. एक म्हणतो, लाकूडतोडे गरम कपावर ओले मोजे वाळवत, तीच आठवण. दुसरा म्हणतो, दृष्ट लागू नये म्हणून जुन्या काळी असं करत. हॉलचे अध्यक्ष पहिल्या पक्षाचे. बाईंच्याच वयाचे, उंच, सभ्य, आणि स्वतःच्या मतावर असे बसलेले की हलायचं नाव नाही. बाई म्हणायच्या, ही ओळ चित्रपटातल्या एका प्रसंगासाठी लिहिली आहे. पण तो चित्रपट कुणी पाहिलाय? बाईंनीही नाही. जळून गेला म्हणूनच सगळे धरून चालले होते.

आणि दोन वर्षांपूर्वी फिनलंडच्या फिल्म संग्रहालयातून निरोप आला की चित्रपट सापडलाय. म्हणजे अर्धा. त्या काळी चित्राची रिळं वेगळी आणि आवाजाची वेगळी ठेवत. आवाज जळला, चित्र दुसऱ्या गावात होतं म्हणून वाचलं. त्यांनी कॉपी पाठवली. आम्ही दोघी लॅपटॉपसमोर बसलो. नटी गाते आहे, ओठ हलतायत, आणि घरात फक्त फ्रीजची घरघर. बाईंनी पडद्यावर हात ठेवला. मग त्या प्रसंगाशी आलो आणि दोघींच्या तोंडून एकदमच "आ" निघालं. काय होतं ते पुढं सांगते.

संगीत कागदावर होतं, वडिलांनी इकडं येताना ते बरोबर आणलं होतं. म्हणजे चित्र होतं, संगीत होतं, दोन्ही एकत्र आणायचं होतं. बाई अध्यक्षांकडे गेल्या. म्हणाल्या, हॉलमध्ये चित्रपट दाखवू, त्यावर माझ्या वडिलांचं संगीत प्रत्यक्ष वाजवू, मग तुम्हीच ठरवा. अध्यक्ष म्हणाले, "जरूर दाखवा. पण लोकगीतावर कुणाची मालकी नसते."

"यावर आहे," बाई म्हणाल्या. मी पाठीमागून जोरात मान हलवली.

वाजवणार कोण? बाईंची बोटं चालत नाहीत. तरुण पियानोवाले होते, पण पायटे मारून त्यांचा जीव जायचा. राहिले मी. मला इंग्रजी पद्धतीचं स्वरलेखन वाचता येत नाही. मग बाई कागद बघून गायच्या आणि मी देवनागरीत सारेगम लिहून घ्यायची. हे येता-जाता म्हणायचे, "चाललंय काय, परीक्षा आहे का?" सगळा हिवाळा त्यात गेला, पण ते संगीत माझ्या हातात बसलं. आणि काय संगीत होतं! साधं, पण कुठंही लाचार नाही.

पहिली तालीम हॉलमध्ये केली. प्रोजेक्टर ह्यांच्याकडे. नेमके अध्यक्ष डोकावायला आले आणि मागच्या खुर्चीवर बसले. मी जीव तोडून वाजवलं. तो प्रसंग आला, गेला, आणि मग माझी ती ओळ आली. उशिरा, त्यामुळे ओळ आणि प्रसंग एकमेकांचे वाटलेच नाहीत. पडद्यावर नटी केव्हाच खिडकीपाशी पोचली होती आणि माझा कप आत्ता पालथा पडत होता. अध्यक्ष उठले, टोपी घातली आणि म्हणाले, "संगीत छान आहे." एवढंच. त्यांच्या ओठांवरचं हसू बघून माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

घराशी आल्यावर बाई म्हणाल्या, "तू सुंदर वाजवतेस. पण तू तिची वाट बघतेस. ती हात हलवते, मग तू वाजवतेस. वडील तसं करत नव्हते. ते पुढं असायचे."

आता मला सांगा! मी साथीदार. गाणाऱ्याच्या मागं राहायचं, तो श्वास घेईल तिथं आपण भरायचं, त्याच्या पुढं एक सूरही टाकायचा नाही. माझ्या वडिलांनी पट्टीचा मार देऊन शिकवलेलं. एकदा एका नटाच्या पुढं गेले तर त्यांनी सगळ्यांसमोर माझा हात स्वरांवरून उचलून बाजूला ठेवला होता. ती शिस्त हाडात मुरलेली, आणि ही बाई म्हणते तेच चुकतंय. मी दार आपटून घरात आले आणि ह्यांच्यावर सगळा राग काढला. म्हटलं, आयुष्यभर जे बरोबर केलं ते आता या वयात चूक ठरवतात, मला नाही जमायचं, त्यांनी दुसरं कुणी बघावं.

ह्यांनी भाजी चिरता चिरता ऐकून घेतलं. मग म्हणाले, "अगं, घरात तू कधी कुणाची वाट बघितलीस? माझं वाक्य संपायच्या आत तुझं उत्तर तयार असतं. मी फ्रीजकडं वळलो की तू ओरडतेस, दही संपलंय. आणि पेटीवर बसलीस की एकदम मागं?"

मी इतकी चिडले की हसायलाच लागले. मग विचार करत बसले. खरंच की! ह्यांना दही हवंय हे मला कशावरून कळतं? ते बोलायच्या आधी त्यांचा खांदा वळतो. दुसऱ्या दिवशी बाईंना जाऊन विचारलं, "तुमचे वडील नेमकं बघायचे काय?"

"हात नाही बघायचे," त्या म्हणाल्या. "मला सांगायचे, माणूस काही करतो त्याच्या आधी त्याचं अंग ठरवतं. ते बघ."

मग मी तो चित्रपट पेटीशिवाय बघायला लागले. नुसती बघायची. नटी कप उचलायच्या आधी मान किंचित खाली घालते. खिडकीकडं जायच्या आधी टाच उचलते. मला वेडच लागलं. बसमध्ये बसून ओळखायची, आता कोण उठून घंटी दाबणार. ग्रोसरीच्या रांगेत, आता हा बाबा पाकिटासाठी खिसे चाचपणार. बरोबर यायला लागलं तेव्हा मी एकटीच गालात हसायची, आणि लोक माझ्यापासून लांब सरकायचे.

पण कळणं वेगळं आणि हात उचलणं वेगळं. पेटीवर बसले की बोटं थांबायचीच. एका तालमीला मी पायटा सोडला आणि त्या रिकाम्या हॉलमध्ये मोठ्यानं मराठीत बोलले. म्हटलं, "बाबा, ही पडद्यावरची बाई गात नाहीये. हिचा आवाज जळलाय. मी पुढं गेले नाही तर ती मुकीच राहणार. आता माझा हात उचलून ठेवू नका." बाईंना अक्षर कळलं नसेल, पण त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. त्यानंतर माझा हात अडला नाही.

पुढच्या वर्षीच्या फेब्रुवारीतला रविवार, दुपार. सकाळपासून बर्फ पडत होतं, मला वाटलं कुणी येत नाही. पण माणसं आली, बूट झटकत आली, वॉकर घेऊन आली, नातवंडांना ओढत आली. खुर्च्या कमी पडल्या. अध्यक्ष पहिल्या रांगेत हाताची घडी घालून. बाई माझ्या शेजारी, पानं उलटायला. त्यांनी वडिलांचा टायपिन आपल्या कोटाला लावला होता आणि तो पुन्हा पुन्हा चाचपत होत्या. मी म्हटलं, "घाबरलात?" त्या म्हणाल्या, "हो. आज नाही तर कधीच नाही."

अंधार झाला. नामावली आली, संगीताच्या पाटीवर त्यांच्या वडिलांचं नाव. कुणीतरी मागं कुजबुजलं, "हा आपला गिरणीतला?" मी पायटे मारायला लागले. बर्फ, नदी, लाकडं वाहून नेणारा नवरा निघून जातो, जाताना घाईत एक हातमोजा टेबलावर विसरतो. मी पुढं होते. दार उघडायच्या आधी माझा सूर दारात असायचा. लोक खुर्चीत पुढं सरकतायत हे मला पाठीला जाणवत होतं. आणि गाणं आलं. नटीची छाती भरली, तिच्याही आधी मी श्वास घेतला, आणि तिचे ओठ उघडले ते माझ्या सुरावर उघडले. हॉलमध्ये एकदम हालचाल झाली. चाल त्यांच्या ओळखीची, शब्द तर सगळ्यांच्या डोक्यात होतेच, आणि ते आता त्या नटीच्या ओठांवर दिसत होते.

ती टेबलाशी बसली. दोन कप मांडलेले. तिनं मान किंचित खाली घातली आणि मी ती ओळ सुरू केली. तिनं समोरचा कप पालथा घातला. नवऱ्याचा हातमोजा उचलला, त्यावर उभा बसवला. पालथ्या कपावर मोजा, टेबलापलीकडे कुणी बसलंय असा. मग तिनं स्वतःचा कप भरला आणि त्या मोज्याकडं बघून कॉफी प्यायली.

हॉलमध्ये असा आवाज झाला, जसा एकदम सगळ्यांचा श्वास अडकावा. एक म्हातारी मोठ्यानं रडायला लागली. जन्मभर गायलेली ओळ, आणि तिचा अर्थ आज समोर बसलेला! दुसऱ्या कडव्याला मागून कुणीतरी गायला लागलं, मग सगळी रांग, मग सगळा हॉल. त्यांना काय माहीत, मी त्यांना ओढत नेत होते, आणि त्या मुक्या नटीच्या ओठांवर अख्ख्या गावाचा आवाज बरोबर बसत होता. बाई पान उलटायचं विसरून माणसांकडं तोंड करून उभ्या होत्या. उलटायची गरजही नव्हती. मला सगळं पाठ होतं, आणि मला इतका अभिमान वाटत होता की त्या दिवशी मी भिंतीसुद्धा गायला लावल्या असत्या.

दिवे लागले. टाळ्या थांबेनात. अध्यक्ष मात्र टाळ्या वाजवत नव्हते. ते उठून आमच्याकडे आले. त्यांचे डोळे लाल होते. म्हणाले, "माझ्या लग्नात त्यांनीच हे वाजवलं. मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणालो होतो, आमचं जुनं गाणं तुम्ही छान शिकलात. आणि ते मला थँक यू म्हणाले."

बाईंनी कोटावरचा टायपिन सरळ केला.

मग अध्यक्ष लोकांकडं वळले. "हे गाणं लोकगीत नाही," त्यांनी सुरुवात केली. "हे ज्यांनी रचलं त्यांचं नाव..."

"थांब," बाई म्हणाल्या. "तू बस. ते मी सांगणार."

अध्यक्ष मुकाट्यानं बसले. वाकड्या बोटांनी पेटीची कड धरून बाई ताठ उभ्या राहिल्या आणि त्यांनी वडिलांचं नाव घेतलं. पहिलं नाव, मधलं, आडनाव, आणि ते ज्या खेड्यातले त्या खेड्याचं नाव, इतक्या खणखणीत आवाजात की स्वयंपाकघरातल्या कॉफीवाल्या बायका बाहेर आल्या. आणि मग सगळा हॉल उभा राहून ते नाव म्हणाला. मीही म्हणाले. उच्चार नक्की चुकला असणार, पण सगळ्यांत मोठा आवाज माझा होता.